काचेआडचा आदिवासी आणि मंडळीची साक्ष

गेल्या बारा-तेरा वर्षांत मध्य भारतात आदिवासी जीवनावरील सार्वजनिक संग्रहालयांची संख्या लक्षात येण्याजोगी वाढली आहे. भोपाळ येथे ६ जून २०१३ रोजी मध्य प्रदेश जनजातीय संग्रहालय खुले झाले. बिरसा मुंडा यांचा जन्मदिन, १५ नोव्हेंबर, हा २०२१ पासून 'जनजातीय गौरव दिवस' म्हणून पाळला जाऊ लागला आणि त्याच दिवशी रांचीच्या जुन्या तुरुंगात, जेथे ९ जून १९०० रोजी बिरसांचा अंत झाला, तेथे त्यांच्या नावाचे संग्रहालय उघडण्यात आले. १५ नोव्हेंबर २०२४ रोजी छिंदवाड्याच्या बादल भोई संग्रहालयाचे नव्या स्वरूपात, आणि जबलपूरच्या राजा शंकरशाह व कुंवर रघुनाथशाह संग्रहालयाचे उद्घाटन झाले. आमच्या इंदूर शहरापुरते पाहावयाचे तर भंवरकुआँ चौकास व पातालपाणी स्थानकास टंट्या भिल्लाचे नाव देण्याचे २०२१ मध्ये जाहीर झाले, आणि २०२४ मध्ये खरगोण येथे त्याच्याच नावाचे विद्यापीठ सुरू झाले.

हे सर्व एका दृष्टीने स्वागतार्ह आहे. ज्यांची दखल शालेय इतिहासात एखाद्या वाक्यापलीकडे घेतली जात नसे, त्यांना प्रशस्त वास्तू मिळाल्या, पुतळे मिळाले, हे चांगलेच झाले. परंतु प्रदर्शन म्हणजे वस्तूंची नुसती रचना नव्हे. ते एक प्रकारचे निवेदन असते. काय ठेवावे, काय वगळावे, कोणाच्या तोंडून बोलावे, कथा कोठे सुरू करावी आणि कोठे संपवावी, हे कोणीतरी ठरविलेले असते. दर रविवारी प्रवचनाची मांडणी करणाऱ्या आमच्या वाचकांस हे वेगळे सांगावयास नको.

म्हणून प्रस्तुत लेखात आम्ही एकच प्रश्न विचारीत आहो: परक्या राजवटीत आदिवासींच्या वाट्यास नेमके काय आले, हे या दालनांतून पाहणाऱ्यास कळते काय? आणि त्यास जोडूनच दुसरा: अशी मांडणी करण्याची पाळी मंडळीवर आली, तर आपण काय मांडू आणि काय झाकून ठेवू? पहिला प्रश्न सरकारला व अभ्यासकांना आहे. दुसरा आपणांस आहे. पहिला विचारण्याचा अधिकार दुसऱ्याच्या उत्तरावर अवलंबून आहे असे आम्हांस वाटते.

काळाबाहेरचे जीवन

भोपाळचे जनजातीय संग्रहालय हे या सर्वांत सौंदर्यदृष्ट्या श्रेष्ठ होय, याविषयी दुमत होणार नाही. गोंड, भिल्ल, बैगा, कोरकू, भारिया, सहरिया व कोल या सात जमातींचे जीवन तेथे मांडलेले आहे. मुख्य म्हणजे ही मांडणी त्या त्या जमातीच्या कलावंतांच्या हातून झालेली आहे. जुन्या धाटणीच्या संग्रहालयांत मातीचे रंगविलेले पुतळे काचेच्या कपाटात उभे करून खाली जमातीचे नाव लिहिण्याची जी रीत होती, तिच्यापेक्षा ही पद्धत कितीतरी पुढची आहे. घरे, धान्याच्या कोठ्या, विवाहमंडप, देवस्थाने या सर्वांत करणाऱ्याच्या हाताची ऊब जाणवते.

तथापि दालनांची नावे पाहावीत: सांस्कृतिक वैविध्य, जीवनशैली, कलाबोध, देवलोक, मुलांच्या खेळांसाठी 'रक्कू'. या विभागणीत संस्कृतीला जागा आहे, कलेला आहे, देवांना आहे, खेळालाही आहे. इतिहासाला मात्र स्वतंत्र दालन नाही. जमिनीची मोजणी करणारी साखळी, राखीव जंगलाची हद्द, सावकाराची वही, आबकारीचा मक्ता, यांतले काही या नावांखाली बसू शकत नाही. आदिवासी जणू काळाच्या प्रवाहाबाहेर, एका चिरंतन उत्सवात राहत आला, असा ग्रह घेऊन पाहणारा बाहेर पडतो. आणि जो काळाबाहेर राहतो त्याच्यावर कोणी अन्याय केला, हा प्रश्नच उद्भवत नाही.

याला एक लक्षणीय अपवाद त्याच वास्तूत आहे. झाबुआ जिल्ह्यातील पिटोलच्या भुरीबाई यांनी आपल्या आयुष्याची कथा तेथील एका लांबलचक भिंतीवर स्वतः रंगविली आहे. भुरीबाई भोपाळास आल्या त्या चित्रकार म्हणून नव्हे, तर मजूर म्हणून. १९८२ मध्ये उघडलेल्या भारत भवनाच्या बांधकामावर त्या काम करीत असताना चित्रकार जगदीश स्वामीनाथन यांनी त्यांची कला ओळखली. २०२१ मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली. कलेचे मंदिर बांधणाऱ्या हातांना त्या मंदिरात विटा वाहाव्या लागल्या, ही गोष्ट कोणत्याही माहितीफलकाहून अधिक बोलकी आहे. झाबुआ-अलीराजपूरचा भिल्ल आपले शिवार सोडून शहराच्या बांधकामावर का येतो, याचे उत्तर मागे मागे शोधीत गेले तर ते एकोणिसाव्या शतकातील जमाबंदीपर्यंत व जंगल-कायद्यापर्यंत जाऊन पोहोचते. ती भिंत हा प्रश्न जागा करते. शेजारची दालने तो पुढे नेत नाहीत.

हुतात्म्यांची दालने

दुसऱ्या प्रकारची संग्रहालये नेमकी उलट दिशेने जातात. तेथे इतिहास आहे, किंबहुना इतिहासच आहे. पण तो लढाया, अटका आणि फाशी यांचा. १८ सप्टेंबर १८५७ रोजी शंकरशाह व रघुनाथशाह या पितापुत्रांना जबलपुरात तोफेच्या तोंडी देण्यात आले. बादल भोई हे १९३० च्या जंगल सत्याग्रहातील नेते होते. ही नावे लोकांपुढे आली पाहिजेत यात शंका नाही. आमचा आक्षेप या वीरांच्या गौरवास नाही. गौरवाच्या उजेडात जे अंधारात राहते त्यास आहे.

टंट्या भिल्लाचेच उदाहरण घेऊ, कारण तो आमच्या इंदूर-निमाडचा आहे. त्याला विश्वासघाताने पकडण्यात आले आणि ४ डिसेंबर १८८९ रोजी जबलपूरच्या तुरुंगात फाशी देण्यात आली. त्याचे शव पातालपाणीजवळ लोहमार्गालगत टाकण्यात आले अशी लोकश्रद्धा आहे, आणि तेथे आगगाडी क्षणभर थांबते ती मामांना सलामी देण्यासाठीच, असे लोक पिढ्यान्‌पिढ्या सांगत आले. पुतळ्यात त्याच्या खांद्यावर बंदूक असते आणि समोर, अदृश्य का होईना, इंग्रज असतो. परंतु टंट्याच्या चरित्राचा आरंभ इंग्रजाशी झालेल्या लढाईने होत नाही. तो होतो खंडवा भागातील पोखर गावच्या जमिनीच्या तंट्याने, त्यातून झालेल्या पहिल्या तुरुंगवासाने, आणि गावातल्याच बड्या लोकांशी पडलेल्या वैराने. इंग्रजांचे न्यायालय, स्टँपाचा कागद आणि साऱ्याची वसुली यांच्या आधाराने एतद्देशीय पाटील व सावकार भिल्लाची जमीन घेऊ शकत होते. टंट्या ज्यांची घरे लुटीत असे आणि ज्यांच्या वह्या जाळीत असे असे सांगतात, ते गोरे नव्हते.

हे सांगितले की कथा अडचणीची होते, कारण मग आरोपीच्या पिंजऱ्यात एकटा परदेशी उभा राहत नाही. पातालपाणीच्या घाटातून जी रेल्वे गेली तिच्यासाठी १८७० साली महाराजा तुकोजीराव होळकर (दुसरे) यांनी ब्रिटिश सरकारला साडेचार टक्के व्याजाने, एकशे एक वर्षांच्या मुदतीवर, एक कोटी रुपये कर्ज दिले होते. भांडवल दरबाराचे, राज्य कंपनीच्या वारसांचे, आणि डोंगर भिल्लांचा. इंदुरात लालबाग राजवाड्याचे फाटक लंडनच्या बकिंगहॅम राजवाड्याच्या फाटकाच्या धर्तीवर ओतलेले आहे, हे आम्ही पाहुण्यांना कौतुकाने दाखवितो. त्या वैभवाचा खर्च ज्या मुलखाच्या साऱ्यातून निघाला, त्यात सातपुड्याच्या व विंध्याच्या उतारावरील पाडेही होते, हे सांगणारा फलक आमच्या पाहण्यात नाही. आम्ही मराठी भाषक या प्रांतात त्याच दरबाराच्या आश्रयाने आलो. पेशवाईच्या अखेरच्या काळात खानदेशात भिल्लांच्या ज्या कत्तली झाल्या, त्या करणारे आमचीच भाषा बोलत होते. तेव्हा 'परकी सत्ता' या शब्दांचा भिल्लाच्या कानी पडणारा अर्थ आणि आमच्या कानी पडणारा अर्थ हे एकच नव्हेत.

या मांडणीची दुसरी उणीव अशी की ती घटनेत अडकते आणि व्यवस्था विसरते. फाशीचे चित्र काढता येते. कायद्याचे काढणे कठीण. पण भिल्लांचे जगणे बदलले ते फाशीपेक्षा कायद्याने अधिक. १८७८ च्या वनकायद्याने जंगलाचे 'राखीव' व 'संरक्षित' असे भाग पडले, आणि जो काल आपल्या रानात लाकूड तोडीत होता तो आज सरकारी मालाचा चोर ठरला. आबकारीच्या नियमांनी घरची मोहाची दारू गुन्हा ठरली आणि मक्तेदाराची दारू महसूल ठरली. १८७१ च्या कायद्याने तर कित्येक जमाती जन्मतःच गुन्हेगार ठरविल्या. हा शिक्का कागदावरून १९५२ मध्ये पुसला गेला, पोलिस-चौकीतून अजून पुरता पुसला गेलेला नाही. या बाबतीत संग्रहालयांपेक्षा संसद अधिक स्पष्ट बोलली आहे. २००६ च्या वनहक्क कायद्याच्या प्रस्तावनेत वनवासी जनांवर ऐतिहासिक अन्याय झाल्याचे मान्य केले आहे. जे राजपत्रात छापले गेले ते दालनात का लिहिता येऊ नये?

तिसरी उणीव, कथा १९४७ ला संपते. पण ज्या बडवानी-अलीराजपूर भागात भीमा नायक व खाज्या नायक यांनी १८५७-५८ मध्ये सातपुड्याच्या घाटांत शस्त्र धरले, त्याच भागातील नर्मदाकाठची गावे सरदार सरोवराच्या पाण्याखाली गेली. २०१९ च्या सप्टेंबरात धरण प्रथमच १३८.६८ मीटर या पूर्ण पातळीपर्यंत भरले. पूर्वजाला हुतात्मा म्हणावयाचे आणि वंशजाला विस्थापित करावयाचे, या दोन गोष्टी एकाच शासनाला एकाच काळात करता येतात, याचे कारण प्रदर्शनाने त्या दोहोंत भिंत उभी केलेली असते.

असा प्रकार केवळ आपल्याकडेच घडतो असे नाही. १९८८ मध्ये कॅनडातील कॅलगरी येथे हिवाळी ऑलिम्पिकच्या निमित्ताने तेथील मूळ रहिवाशांच्या कलावस्तूंचे मोठे प्रदर्शन भरले. त्यास पैसा पुरविणारी तेल कंपनी त्याच वेळी लुबिकन क्री लोकांनी आपली म्हणून सांगितलेल्या भूमीत तेलविहिरी खणीत होती. लुबिकन लोकांनी बहिष्काराची हाक दिली आणि तिचा परिणाम दूरवर झाला. १९९२ मध्ये तेथील संग्रहालय-संघटना व मूळ रहिवाशांची सभा यांनी मिळून नवी तत्त्वे मांडली: ज्यांच्या जीवनाचे प्रदर्शन, त्यांना मांडणीत भागीदारी, केवळ कारागीर म्हणून नव्हे, तर निर्णय घेणारे म्हणून. भोपाळच्या संग्रहालयाने यातील अर्धे अंतर कापले आहे. हात आदिवासींचे आहेत. कथेचा आराखडा कोणाचा, हा प्रश्न उरतो.

भिल्लाच्या हाती भिल्लावर बंदूक

या दालनांत सर्वांत कमी काय सापडते, असे आम्हांस कोणी विचारले तर आम्ही म्हणू: गुंतागुंत. १८१८ मध्ये खानदेश व माळवा इंग्रजांच्या वर्चस्वाखाली आल्यावर भिल्लांना जेरीस आणण्यासाठी मोहिमा निघाल्या, पण डोंगरात त्या पुऱ्या पडेनात. मग १८२५ मध्ये जेम्स औट्रमने खानदेशात भिल्लांचीच पलटण उभारली. पुढे माळव्यात व मेवाडातही अशा पलटणी झाल्या. भिल्लाला पगार, गणवेश व मान मिळाला आणि त्याच्या हाती दिलेली बंदूक त्याच्याच भाईबंदांवर रोखली गेली. खाज्या नायक स्वतः सेंधवा घाटाच्या रखवालीच्या चाकरीत होता; बंडात उतरला तो नंतर.

अशा माणसास कोणत्या दालनात ठेवावयाचे? तो हुतात्म्यांच्या भिंतीवर बसत नाही, कारण पलटणीत राहिलेला शिपाई हुतात्मा नव्हे. आणि नृत्याच्या दालनातही बसत नाही. पण बहुसंख्य माणसे परक्या राजवटीखाली जगली ती अशीच: काही मिळवीत, बरेच गमावीत, कधी वाकत, कधी उलटत. वीर आणि नर्तक या दोन साच्यांत जो मावत नाही तो माणूसच प्रदर्शनातून गळतो. आणि आमच्या मते, ख्रिस्ती झालेला भिल्ल हा त्या गळलेल्यांपैकीच एक होय.

आमचे स्वतःचे दालन

येथवर आम्ही दुसऱ्यांच्या मांडणीविषयी बोललो. आता आपल्या घरात पाहू. प्रदर्शन भरविण्याची कला मंडळीला नवी नाही. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीपासून युरोप-अमेरिकेत मिशनरी प्रदर्शनांची लाटच आली होती. १९२५ मध्ये व्हॅटिकनमध्ये जगभरच्या मिशनक्षेत्रांतील वस्तूंचे प्रचंड प्रदर्शन भरले, आणि त्यातूनच तेथील मानववंश-संग्रहालय उभे राहिले. या वस्तू भेट म्हणून आल्या असे म्हटले गेले. परंतु ज्या काळी मूळ रहिवाशांचे धर्मविधीच कायद्याने बंद केले होते, त्या काळी दिलेली भेट कितपत मुक्त मनाची, हा प्रश्न त्यांच्या वंशजांनी सतत विचारला. अखेर २०२५ च्या नोव्हेंबरात पोप लिओ चौदावे यांनी त्यांपैकी ६२ वस्तू कॅनडाच्या बिशपांच्या स्वाधीन केल्या, त्या मूळ समाजांकडे परत जाव्यात म्हणून. तत्पूर्वी, मार्च २०२३ मध्ये, व्हॅटिकनने 'शोधाचा सिद्धान्त' नाकारला होता. अख्रिस्ती लोकांची भूमी जो ख्रिस्ती राजा शोधील ती त्याची, अशा समजुतीस शतकानुशतके मिळालेला तो आधार होता.

कॅनडाचे नाव इंदूरच्या मंडळीस परके नाही. १८७७ मध्ये कॅनेडियन प्रेस्बिटेरियन मिशनने इंदुरात काम सुरू केले. १८८७ मध्ये इंदूर ख्रिश्चन कॉलेजची स्थापना झाली. डॉ. जॉन ब्युकॅनन यांनी अलीराजपूर संस्थानातील आमखुट येथे भिल्लांमध्ये दवाखाना, शाळा व उपासना यांचा पाया घातला. थांदला-झाबुआ भागात कॅपुचिन धर्मगुरू व १९३२ पासून एस.व्ही.डी. संघाचे धर्मगुरू यांनी असेच काम केले. १८९९-१९०० च्या, लोकांच्या तोंडी 'छप्पन्या' म्हणून राहिलेल्या दुष्काळात मिशनच्या आश्रयाला आलेल्या अनाथ मुलांतून या भागातील कित्येक ख्रिस्ती कुटुंबे उभी राहिली. ही सेवा खरी होती. तिचे ऋण आम्ही नाकारीत नाही.

पण याच मंडळ्यांच्या दुसऱ्या हाताने त्याच काळी आपल्या देशात काय चालविले होते, हेही आपण जाणून घेतले पाहिजे. कॅनडाच्या सरकारने मूळ रहिवाशांच्या मुलांना आईबापांपासून दूर ठेवून 'सुधारण्या'साठी निवासी शाळा काढल्या आणि त्या चालविण्याचे काम मंडळ्यांकडे दिले. सुमारे दीड लाख मुले या शाळांतून गेली. त्यांची भाषा, नावे, केस, देवधर्म हिरावले गेले. पुष्कळांचा छळ झाला आणि हजारो परत घरी गेली नाहीत. १९२५ नंतर माळव्यातील काम ज्या दोन मंडळ्यांकडे वाटले गेले, त्या दोघींचा या शाळांत सहभाग होता. युनायटेड चर्चने १९८६ मध्ये मूळ रहिवाशांची क्षमा मागितली व १९९८ मध्ये निवासी शाळांबद्दल पुन्हा मागितली. प्रेस्बिटेरियन मंडळीने १९९४ मध्ये आपले पाप कबूल केले. २०१५ मध्ये तेथील सत्यशोधन व समेट आयोगाने ९४ शिफारशी केल्या, त्यांत संग्रहालयांच्या धोरणाची फेरतपासणी करावी अशीही एक आहे. २०२२ मध्ये पोप फ्रान्सिस यांनी त्या भूमीवर जाऊन क्षमा मागितली.

आमखुटची शाळा आणि कॅनडातील निवासी शाळा या एकच होत्या असे आम्ही म्हणत नाही. तसे म्हणणे अन्यायाचे होईल. येथे कायद्याने कोणाचे मूल हिसकावले जात नव्हते, आणि दुष्काळात मूल दारी आणणारी आई कोणाच्या सक्तीने येत नव्हती; भुकेने येत होती. परंतु धर्मज्ञान देणारी मंडळी तीच, सुधारणेची कल्पना तीच, आणि 'रानटी' हा शब्दही तोच होता. इंग्रजी राज्य हे सुवार्तेसाठी देवाने उघडलेले दार होय, ही त्या काळच्या मिशनरींची श्रद्धा होती. होळकर दरबाराशी खटके उडाले तेव्हा रेसिडेन्सीकडे दाद मागितली गेली. ती प्रत्येक वेळी मिळाली असे नाही, पण मागण्याचे ठिकाण तेच होते. देशाच्या इतर भागांत तर 'गुन्हेगार' ठरविलेल्या जमातींच्या वसाहती सरकारने मुक्तिफौजेसारख्या ख्रिस्ती संस्थांकडे चालविण्यास दिल्या होत्या. दुसरी बाजूही तितकीच खरी आहे. छोटानागपुरात जेझुइट धर्मगुरू जॉन हॉफमन यांचा १९०८ च्या कुळकायद्याच्या सिद्धतेत वाटा होता आणि त्या कायद्याने आदिवासींच्या जमिनीस काही संरक्षण मिळाले. बिरसा स्वतः चाईबासाच्या जर्मन मिशन शाळेत शिकला, बाप्तिस्मा घेतलेला होता, आणि पुढे मिशनपासून दूर गेला. या एका आयुष्यात मंडळीचे देणे आणि मंडळीचे अपयश दोन्ही आहेत.

आता आपल्या सुवर्ण व शतकमहोत्सवांची प्रदर्शने आठवावीत. भिंतीवर मिशनरींची छायाचित्रे क्रमाने. खाली आगमनाचे व निधनाचे वर्ष. मिशन बंगल्याचा नकाशा. पहिल्या पुस्तकाची प्रत. मागच्या रांगेत उभ्या असलेल्या भिल्ल प्रचारकांच्या चित्राखाली बहुधा 'देशी मदतनीस' एवढेच. जी बायबल-स्त्री पायी पाड्यापाड्यातून हिंडली, तिचे नाव नाही. ज्यांनी सुवार्ता स्वीकारली त्यांनी ती का स्वीकारली, तिच्यासाठी काय सोडले, कोणता ढोल कायमचा खुंटीला टांगला, हे विचारलेले नाही. भोपाळच्या दालनात आदिवासी काळाबाहेर उभा आहे असे आम्ही म्हटले. आमच्या प्रदर्शनात तो छायाचित्राच्या चौकटीबाहेर उभा आहे.

शास्त्राच्या प्रकाशात

मत्तयाच्या तेविसाव्या अध्यायात प्रभू शास्त्री व परूशी यांना जो दोष देतात, तो संदेष्ट्यांना विसरल्याचा नव्हे. ते तर संदेष्ट्यांच्या कबरा बांधीत होते, त्या शृंगारीत होते. दोष असा की, आपण पूर्वजांच्या काळी असतो तर त्या रक्तपातात सामील झालो नसतो, असे ते छातीवर हात ठेवून सांगत होते. स्मारक बांधणे हे पश्चात्तापाचे लक्षण असू शकते, तसेच पश्चात्ताप टाळण्याचा मार्गही असू शकते. टंट्याचा पुतळा उभारताना 'आम्ही असतो तर त्याच्या बाजूने उभे राहिलो असतो' असे म्हणणे सोपे आहे. आज जमिनीच्या दाव्यात हेलपाटे घालणाऱ्या भिल्लाच्या बाजूने तहसील कचेरीत उभे राहणे अवघड आहे.

पहिल्या राजांच्या एकविसाव्या अध्यायातील नाबोथाची कथा आमच्या धर्मशिक्षकांस पाठ असते. तिचे वर्म पुष्कळदा निसटते. नाबोथ आपल्या द्राक्षमळ्यास विकाऊ माल मानीत नाही. ते त्याच्या वडिलांचे वतन आहे. अहाबाला मात्र ती राजवाड्याशेजारची सोयीची जागा दिसते आणि तो मोबदलाही देऊ करतो. पुढचे सर्व कायदेशीर रीतीने होते: पत्रे, शिक्का, सभा, दोन साक्षीदार. जमीन हिरावण्याच्या कामी कागद, मोहोर व विकत घेतलेली साक्ष यांचा उपयोग कसा होतो, हे निमाडच्या भिल्लास समजावून सांगावे लागणार नाही. आणि एलीया राजाला गाठतो तो रणांगणावर नव्हे, त्या मळ्यात. अपराध जेथे घडला त्या जागी उभे राहून तो प्रश्न करतो. खऱ्या प्रदर्शनाचे कामही तेच: पाहणाऱ्यास त्या जागी नेऊन उभे करणे.

यहोशवाच्या चौथ्या अध्यायात यार्देनेतून आणलेले बारा धोंडे उभे केले जातात ते कशासाठी? पुढे मुले विचारतील म्हणून. स्मारकाची कसोटी त्याच्या भव्यतेत नाही, ते मुलांच्या मनात कोणता प्रश्न जागा करते यात आहे. परंतु प्रामाणिकपणे हेही म्हटले पाहिजे की, त्याच पुस्तकात कनानातील मूळ रहिवाशांची भूमी जिंकून घेतल्याची कथा आहे आणि वसाहतवाद्यांनी ती कथा आपल्या समर्थनार्थ वापरली. आमखुटच्या एखाद्या ख्रिस्ती भिल्लाने ती वाचताना आपण इस्राएल की कनानी असा प्रश्न विचारला, तर त्याला गप्प बसवू नये. शमुवेलाच्या दुसऱ्या पुस्तकाच्या एकविसाव्या अध्यायाकडे त्यास न्यावे: तेथे गिबोनी या मूळ रहिवाशांशी केलेला करार शौलाने मोडला, आणि तीन वर्षांच्या दुष्काळाचे कारण तेच असल्याचे देव दाविदास सांगतो. मूळ रहिवाशांवरील अन्याय परमेश्वराच्या दरबारी मुदतबाह्य होत नाही, याची ग्वाही शास्त्रात आहे.

पाळक व धर्मशिक्षक यांचे काम

कोणी म्हणेल, ही वेळ असले प्रश्न काढण्याची नव्हे. मध्य प्रदेशात १९५४ मध्ये नियोगी समिती नेमली गेली व १९५६ मध्ये तिचा अहवाल आला, तेव्हापासून ख्रिस्ती आदिवासीकडे परक्या सत्तेचा अवशेष म्हणून पाहण्याची सवय पडली आहे. १९६८ चा धर्मांतरविषयक कायदा त्यानंतरचा. अशा वातावरणात आपणच आपल्या इतिहासातील उणिवा मांडल्या तर विरोधकांच्या हाती कोलीत दिल्यासारखे होईल, ही भीती खोटी नाही. पाड्यावर एकट्याने काम करणाऱ्या धर्मशिक्षकास तिची झळ आमच्यापेक्षा अधिक लागते.

परंतु गप्प राहिल्याने संशय निवळलेला नाही, हा सत्तर वर्षांचा अनुभव आहे. आणि पश्चात्ताप हा बचावाचा डावपेच नव्हे. तो सोयीचा असेल तेव्हाच करावयाचा असेल तर त्यास दुसरे नाव द्यावे लागेल. शिवाय या प्रामाणिकपणातून एक गोष्ट निष्पन्न होते जी आपल्या भिल्ल बांधवांस अत्यंत आवश्यक आहे. त्यांनी ख्रिस्ताचा स्वीकार केला तो कोणाच्या हातचे बाहुले म्हणून नव्हे. भूक, आजार, सावकार व राजा यांच्या कात्रीत सापडलेल्या माणसांनी विचारपूर्वक, कधी स्वार्थासाठी, कधी निव्वळ विश्वासाने घेतलेले ते निर्णय होते. त्यांचा निर्णय त्यांचा होता, हे सिद्ध करण्याचा एकच मार्ग आहे: तो त्यांच्या तोंडून ऐकणे.

म्हणून आमच्या सूचना साध्या आहेत. पहिली, धर्मशिक्षकांच्या प्रशिक्षणात या संग्रहालयांची भेट अवश्य ठेवावी, आणि भेटीनंतर तीन प्रश्नांवर चर्चा व्हावी: येथे कोण बोलतो, कोण दिसत नाही, आणि कथा कोठे संपविली आहे? दुसरी, जुन्या बाप्तिस्मा-नोंदवह्या, दुष्काळातील अनाथांच्या याद्या, दवाखान्यांची बाडे ही वाळवीच्या स्वाधीन होण्यापूर्वी जतन करावीत. त्यांतील नावे ही त्या त्या कुटुंबांची ठेव आहे, आणि ती प्रथम त्यांना दाखवावी. तिसरी, ज्यांच्या आजोबा-आजींनी प्रथम ख्रिस्त स्वीकारला अशा वृद्धांच्या आठवणी भिली, भिलाली, बारेली या त्यांच्याच बोलींत उतरवून घ्याव्यात. त्यांत मिशनरींविषयी कटू शब्द आले तरी खोडू नयेत. चौथी, पुढील महोत्सवी प्रदर्शनाचा आराखडा करावयास बसताना भिल्ल मंडळींतील माणसे केवळ मंडप बांधावयास बोलावू नयेत. काय मांडावयाचे हे ठरविणाऱ्या बैठकीत त्यांचे बहुमत असावे.

कॅनडातील ब्रँटफर्ड येथे मोहॉक लोकांच्या मुलांसाठी चालविलेली एक निवासी शाळा १९७० मध्ये बंद पडली. १९७२ पासून तेथे त्यांचेच सांस्कृतिक केंद्र चालू आहे. पुढे इमारत मोडकळीस आली, तेव्हा ती पाडावी की राखावी असा कौल तेथील समाजाकडून घेण्यात आला. जिने त्यांना दुःखाशिवाय फारसे काही दिले नव्हते ती वास्तू पाडून टाकावी असे ते म्हणतील, अशी कोणाचीही कल्पना झाली असती. बहुसंख्यांनी ती राखावी असे सांगितले, कारण ती पुरावा होती. आपल्या मिशन बंगल्यांचे, बोर्डिंगांचे व जुन्या प्रार्थनामंदिरांचे काय करावयाचे, हे ठरविताना हाच प्रश्न आमखुटच्या, मेंढ्याच्या, थांदल्याच्या मंडळींना विचारावा. ते काय सांगतील ते आपण आधीच ठरवून ठेवू नये.